कमी पैशांतले भयपट आणि मारधाडपट आपल्याला अजून का ओढतात?

जुना इतवारीकर (धागाकर्ता)

१९८५ च्या मे महिन्यात, नागपूरचे ऊन ऐन भरात असताना, माझ्या थोरल्या भावाने मला दुपारच्या खेळाला रामसे बंधूंचा भयपट 'पुराना मंदिर' पाहायला नेले. मी अकरा वर्षांचा होतो. चित्रपटाला प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र होते, तरीही दारावरच्या माणसाने माझ्याकडे एकदा पाहिले आणि तिकीट फाडून दिले. आत कूलरमधल्या ओल्या वाळ्याचा वास भरून राहिला होता. पुढच्या रांगांत आमच्या इतवारीच्या धान्यबाजारातले हमाल बसले होते, कारण त्या उन्हात गाड्या उतरवण्याचे काम दुपारभर थांबत असे. माझ्या शेजारी बसलेल्या गृहस्थाच्या खांद्यावर पोती वाहून वाहून घट्टा पडलेला होता. त्यातल्या सामरी या सैतानाचे धडावेगळे शिर पडद्यावर आले, तेव्हा त्याने दोन्ही पाय उचलून खुर्चीवर मांडी घातली आणि खेळ संपेपर्यंत पाय खाली सोडले नाहीत. क्विंटलचे पोते पाठीवर घेणारा तो माणूस खुर्चीखालच्या अंधाराला भीत होता.

गेल्या महिन्यात हाच चित्रपट मी पुन्हा पाहिला, आमच्या भागातल्या एका छोट्या सभागृहात, पंचवीस-तीस तरुण मंडळींबरोबर. ती सारी मुले पहिल्या प्रसंगापासून शेवटापर्यंत हसत होती. त्यांना चित्रपट मनापासून आवडत होता, हे त्यांच्या चेहऱ्यांवर स्पष्ट दिसत होते, म्हणून मला राग आला नाही. पण घरी परतताना एक प्रश्न मनात रुतून बसला. त्या हमालाने ज्याच्यावर जीव लावला आणि ही मुले ज्याच्यावर जीव लावतात, तो चित्रपट एकच आहे का?

माझे म्हणणे असे आहे की या चित्रपटांची ओढ त्यांच्या वाईटपणात नाही. त्यांत माणसांनी केलेले काम उघड दिसते, आणि त्यांची ओढ मला तिथे सापडते. मोठ्या खर्चाच्या चित्रपटात सगळी शिवण आतल्या बाजूला वळवलेली असते, तर इथे ती वर राहते. पडद्यावरचे चमत्कार घडवणारे बाबूभाई मिस्त्री यांचे उदाहरण घ्या. १९३७ च्या 'ख्वाब की दुनिया' या चित्रपटात अदृश्य माणसाच्या हालचाली दाखवण्यासाठी त्यांनी काळ्या पडद्यापुढे काळ्या दोऱ्याने वस्तू हलवल्या, आणि पुढे सगळे त्यांना 'काला धागा' या नावानेच ओळखू लागले. एका माणसाची आयुष्यभराची ओळख दोऱ्याच्या एका रिळावर उभी राहते, हे मला फार मोलाचे वाटते.

रामसे कुटुंबाचेही तसेच आहे. फतेहचंद रामसे यांचे कराचीत रेडिओचे दुकान होते आणि फाळणीनंतर कुटुंब मुंबईला आले. १९७० चा त्यांचा 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' पडला. मात्र त्यात पृथ्वीराज कपूर भयंकर मुखवटा घालून चोरीला येतात, त्या प्रसंगी प्रेक्षक दचकतात, एवढी गोष्ट मुलांनी हेरली आणि तिच्यातून १९७२ चा 'दो गज जमीन के नीचे' उभा राहिला. सात भावांनी कामे वाटून घेतली. कुमार लिहीत, गंगू कॅमेरा सांभाळत, किरण ध्वनी पाहत, अर्जुन संकलन करत, तुलसी आणि श्याम दिग्दर्शन करत. महाबळेश्वरला विश्रामगृहात मुक्काम टाकून, घरच्याच माणसांनी स्वयंपाकपाणी पाहत, महिना-दीड महिन्यात चित्रीकरण उरकत असे. एखाद्या घराने लग्नकार्य पार पाडावे, तसा त्यांनी चित्रपट पार पाडला.

आता आपल्या गावाकडे वळतो. तान्ह्या पोळ्याच्या दिवशी नागपुरात काळी आणि पिवळी मारबत निघते. ती बांबू, कागद आणि कापडाची असते, हे लहान पोरालाही ठाऊक असते. तरी 'ईडा पीडा घेऊन जा गे मारबत' असे ओरडताना कोणाचा आवाज खोटा नसतो, आणि बांबू दिसला म्हणून मारबतीला कोणी हसत नाही. त्या टॉकीजमधल्या हमालालाही मुखवटा रबराचा आहे हे कळत होते, असे माझे ठाम मत आहे. कळत असूनही त्याने आपली भीती त्या मुखवट्याला उसनी दिली होती. अशी भीती उसनी देण्याची सवय आपण हरवली आहे का, आणि हसणे हा तिचाच दुसरा प्रकार आहे का, यावर आपण सर्वांनी लिहावे, अशी विनंती करतो.

धरमपेठी

काका, त्या सभागृहात मीही होतो आणि हसणाऱ्यांत मीही होतो, म्हणून उत्तर देणे माझे कर्तव्य आहे.

माझ्या पिढीला हे चित्रपट टॉकीजमध्ये मिळाले नाहीत. मला ते अभियांत्रिकीच्या वसतिगृहात मिळाले, एका खोलीत एका संगणकासमोर चौदा जण दाटीवाटीने बसून. पहिला चित्रपट होता कांती शाह यांचा १९९८ चा 'गुंडा'. मिथुन चक्रवर्ती त्या काळात उटीला राहत होते आणि छोटे निर्माते तिथेच जाऊन, तिथल्याच परिसरात, थोड्या दिवसांत आणि थोड्या पैशांत चित्रपट पूर्ण करत असत. 'गुंडा' जेव्हा प्रदर्शित झाला, तेव्हा त्याची फारशी दखल घेतली गेली नाही. तो मोठा झाला तो पुढे, वसतिगृहांतून आणि इंटरनेटवरून, आणि त्याला मोठे करणारे आम्ही होतो. अंतिम परीक्षेच्या आदल्या रात्री आम्ही तो लावत असू. घरापासून लांब असलेल्या, नापास होण्याच्या धास्तीत असलेल्या मुलांना त्याने किती आधार दिला आहे, हे बाहेरच्या माणसाला समजावणे कठीण आहे.

आम्ही कशाला हसत होतो, याचा मी आपला धागा वाचल्यानंतर पुष्कळ विचार केला. बशीर बब्बर यांनी लिहिलेल्या त्या संवादांत प्रत्येक खलनायक पडद्यावर येतो आणि यमक जुळवून स्वतःची ओळख करून देतो. खरी माणसे असे बोलत नाहीत, म्हणून शहरातला प्रेक्षक हसतो. पण माझे आजोळ भंडारा जिल्ह्यातले आहे आणि मी लहानपणी खडी गंमत हे तिकडचे लोकनाट्य पाहिले आहे. तिथेही पात्र येते, डफ-ढोलकीच्या तालावर यमकात बोलते आणि प्रेक्षकांशी थेट नाते जोडते. तिथे कोणालाही ते अवास्तव वाटत नाही. म्हणजे 'गुंडा'चे यमक मला आधीपासून परिचयाचे होते आणि त्या ओळखीचा आनंद हसण्यातून बाहेर पडत होता. चौदा जणांना एकाच क्षणी एकच ओळ तोंडपाठ म्हणता येणे, हे मला आरती म्हणण्याच्या जवळचे वाटते.

तरीही आपल्या म्हणण्यातला अर्धा भाग मला मान्य आहे. सभागृहात काही जण त्या माणसांच्या गरिबीला हसत होते, आणि ते मलाही खटकले.

केबिनवाले काका

मी नागपुरातल्या दोन टॉकीजमध्ये मिळून सत्तावीस वर्षे ऑपरेटर म्हणून काम केले. मुलाने मोबाइलवर हा धागा वाचून दाखवला. मी सांगतो आहे आणि तोच लिहून घेतो आहे.

आजची मुले ज्या गोष्टींना हसतात, त्यांतल्या काही दिग्दर्शकाच्या चुका नाहीत, हे मला सांगायचे आहे. नायक जिन्यावर असतो आणि क्षणात एकदम बागेत दिसतो, एखादे वाक्य अर्ध्यावर तुटते, गाणे दुसऱ्या कडव्यापासून सुरू होते. हे कसे होते ते ऐका. फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी असतात आणि सेकंदाला २४ चौकटी जातात. प्रिंट नवी असते तेव्हा मोठ्या शहरांत फिरते, मग नागपूरला येते, मग काटोल, उमरेड, रामटेक अशा गावी जाते आणि वर्षभराने परत आमच्याकडे मॉर्निंग शोला येते. वाटेत कुठे फिल्मच्या कडेच्या भोकांचे दाते फाटले की तिथला ऑपरेटर तेवढा तुकडा कापतो, कडा खरवडतो, फिल्म सिमेंट लावतो आणि दाबून जोडतो. प्रत्येक जोडात एक-दोन चौकटी जातात, कधी हातभर फिल्म जाते. जिथे प्रेक्षक शिट्ट्या वाजवतात तिथली फिल्म तर कोणी मुद्दाम कापूनही घेत असे. आमच्याकडे प्रिंट आली की मी प्रत्येक रीळ बोटांच्या चिमटीतून सोडत असे आणि डोळे मिटून जोड मोजत असे. एका भयपटाच्या एका रिळात मला ३१ जोड लागले होते. हजार फुटांचे रीळ म्हणजे जेमतेम अकरा मिनिटे, त्यात ३१ जोड. अशा प्रिंटवरून पुढे कोणी व्हिडिओची प्रत काढली, तर ती पाहणारा म्हणणारच की या लोकांना चित्रपट जोडता येत नव्हता.

दुसरी गोष्ट उजेडाची. आमच्या यंत्रात कार्बनच्या दोन कांड्यांमध्ये ज्योत पेटत असे आणि त्यांच्यातले अंतर सतत सांभाळावे लागे. त्या उजेडात पडद्यावरचा काळा रंग खोल काळा दिसत असे. मुखवटा गळ्याशी कुठे संपतो, ती कड छायाचित्रकाराने अंधारात ठेवलेली असायची. व्हिडिओवर उतरवताना अंधारात काही दिसत नाही म्हणून सगळे उजळ करतात, आणि मग रबराची कड दिसू लागते. ज्याने ती कड झाकली होती, त्याचे काम त्याने नीट केले होते.

बाकी काही टॉकीजवाले मूळ चित्रपटात नसलेले तुकडे मध्ये जोडून दाखवत असत, त्याला 'बिट' म्हणत. मी ते काम केले नाही. त्यावरून एका मालकाशी माझे वाजले आणि मला तिथली नोकरी सोडावी लागली. त्या तुकड्यांमुळे चांगल्या भयपटांचीही बदनामी झाली.

अंबानगरी

काकांना माझा नमस्कार. माझे वडील अमरावतीला चित्रपट वितरणाच्या एका कार्यालयात होते, म्हणून त्या बाजूचे थोडे लिहितो.

विदर्भ आणि आताच्या मध्य प्रदेशाचा काही भाग मिळून जे वितरणक्षेत्र होते, त्याला व्यवसायात अजूनही 'सी. पी. बेरार', म्हणजे मध्य प्रांत आणि वऱ्हाड, म्हणतात, प्रांत केव्हाच गेला तरी. अमरावती आणि भुसावळ ही या व्यवसायाची मोठी ठाणी होती. नागपूर शहर मोठे असूनही प्रिंटच्या पुष्कळशा पेट्या अमरावतीहून सुटत, याचे बाहेरच्यांना आश्चर्य वाटते.

भयपट घेणे वितरकाला परवडत असे, कारण त्याला नटाच्या नावाचे पैसे मोजावे लागत नसत. मोठ्या नटाचा चित्रपट पहिल्या तीन आठवड्यांत पैसे देई आणि मग थंड होई, उलट भयपट हळूहळू आणि वर्षानुवर्षे पैसे देई. पोळा, दिवाळी, गावची जत्रा, अशा वेळी छोट्या गावांतले टॉकीजवाले जुनाच भयपट पुन्हा मागत. पोस्टर, फोटोसेट आणि लाउडस्पीकर लावलेली रिक्षा एवढ्यावर जाहिरात होई. १९८४ मध्ये 'पुराना मंदिर' देशभर जो चालला, तो असा गावोगावच्या पडद्यांवर चालला.

एका शब्दाबद्दलही सांगायला हवे. व्यवसायात गावांची प्रतवारी असे, ए केंद्र म्हणजे मोठे शहर, बी म्हणजे जिल्ह्याचे गाव, सी म्हणजे त्याहून लहान. ती गावाच्या उत्पन्नाची मोजणी होती. पुढे लोक चित्रपटालाच बी आणि सी म्हणू लागले, आणि त्याबरोबर तो पाहणाऱ्या माणसालाही. वडिलांना ते अजिबात आवडत नसे, कारण त्यांच्या वहीत सी केंद्रांची नावे होती आणि त्या नावांवर आमचे घर चालत होते.

लेक सावनेरची

इथवर सगळ्या पुरुषांनी लिहिले आहे, आणि ते स्वाभाविकही आहे, कारण त्या टॉकीजमध्ये आम्ही नव्हतो. सावनेरला आमच्या घरातून एकाही बाईने असा चित्रपट टॉकीजमध्ये जाऊन पाहिलेला नाही. दुपारच्या खेळाचे तिकीट काढून, हमालांच्या शेजारच्या खुर्चीवर पाय वर घेऊन बसण्याची मुभा मला मिळाली असती तर मी ती आनंदाने घेतली असती, पण ती मिळाली नाही.

आमच्याकडे भय आले ते रात्री भाड्याने आणलेल्या व्हीसीआरवरून, आणि १९९३ पासून 'झी हॉरर शो'मधून. त्या मालिकेमागेही रामसे मंडळीच होती. माझी आजी, आई, काकू आणि मी, अशा चौघी एका दुलईत बसून ती पाहत असू. आजीला हिंदी नीट कळत नसे. तिला हाकामारीच्या गोष्टी मात्र ठाऊक होत्या. रात्री कोणी पहिली हाक दिली तर ओ द्यायची नाही, दुसरीची वाट पाहायची, असे ती आम्हाला सांगे. पडद्यावरची मुलगी दार उघडायला निघाली की आजी मराठीतून तिला बजावत असे, बाई गं, ओ देऊ नको.

तरीही या प्रेमात मला एक गोष्ट गिळता येत नाही, आणि ती इथे मांडली नाही तर हा धागा अपुरा राहील. या चित्रपटांतली बरीचशी भीती बाईच्या शरीरावर उभी आहे. अंघोळीचा प्रसंग, ओले कपडे, मग किंकाळी, आणि दुसऱ्या प्रकारच्या मारधाडपटांत तर बलात्काराचा प्रसंग जणू मध्यंतरासारखा ठरलेला. आपण सगळे रामसे भावांची नावे बोटांवर मोजतो. 'पुराना मंदिर'ची नायिका आरती गुप्ता होती, हे किती जणांनी लिहिले? 'वीराना' १९८८ ला आला, आणि त्यातल्या जास्मिन या अभिनेत्रीबद्दल इंटरनेटवर आजही जे लिहिले जाते ते तिच्या कामाविषयी नसते. ती आता कुठे आहे याचा शोध घेणारे लोक स्वतःला तिचे चाहते म्हणवतात. तिने त्या चित्रपटात नजरेने जे केले आहे, मान न हलवता केवळ पापण्या सावकाश उचलून, ते पाहून माझ्या आजीने दुलई डोक्यावरून घेतली होती. ते अभिनयाचे काम होते आणि त्याची नोंद कामाची म्हणून व्हावी.

एवढे असूनही मी हे चित्रपट का पाहते, तर रात्री एकटी, न घाबरता, हव्या त्या रस्त्याने चालणारी बाई मला लहानपणी त्यांच्यातच दिसली. बाकीच्या चित्रपटांत ती दिसत नव्हती.

धरमपेठी

ताई, आपण जे लिहिले आहे ते वाचून मी त्या रात्रीच्या आमच्या हसण्याकडे पुन्हा पाहिले. 'गुंडा'तल्या ज्या ओळींवर आम्ही चौदा जण टाळ्या देत होतो, त्यांतल्या काही बायकांच्या अपमानाच्या आहेत. चौदांपैकी एकालाही तेव्हा ते जाणवले नाही. हे मी मान्य करतो.

उमरेडचा वाडा

मला एका वेगळ्याच बाजूने लिहायचे आहे. रामसेंच्या चित्रपटांत हवेली का असते, हा प्रश्न पुष्कळ जण विचारतात आणि विलायती भयपटांचा प्रभाव असे उत्तर देऊन मोकळे होतात. पण उमरेडच्या बाजूच्या माणसाला ती हवेली विलायती वाटली नाही, याचे कारण आपल्या भागाच्या इतिहासात आहे.

जुन्या मध्य प्रांतात मालगुजारी, म्हणजे गावाचा सारा वसूल करून सरकारला भरणाऱ्या जमीनदाराची पद्धत होती. गावाचा मालगुजार, त्याचा वाडा, वाड्यातले कोठार आणि त्या कोठारात धान्यासाठी किंवा कर्जासाठी हात जोडून उभी राहिलेली माणसे, हे माझ्या आजोबांनी डोळ्यांनी पाहिले होते, कारण ते एका वाड्यावर गुरे राखत होते. कायदा झाला आणि १९५१ मध्ये मालगुजारी संपली. त्यानंतर पुष्कळ मालगुजारांची मुले नागपुरात येऊन राहिली आणि वाडे ओस पडले. मी लहान असताना आमच्या गावच्या वाड्यात दिवसासुद्धा कोणी शिरत नसे. आत काय आहे असे विचारले तर प्रत्येक म्हातारा वेगळी गोष्ट सांगे. कोणी सांगे की तळघरात बेड्या आहेत, तर कोणी विहिरीचे नाव काढी.

आता 'पुराना मंदिर'ची कथा आठवा. दोनशे वर्षांपूर्वी राजाने सामरीला शिक्षा दिली, त्याचे शिर धडापासून वेगळे करून शिर हवेलीत कोंडले आणि धड मंदिरामागे पुरले. त्याच्या शापाने त्या घराण्याच्या लेकी बाळंतपणात मरू लागल्या. शहरात राहणारा आजचा वंशज आपल्या मुलीला प्रेमापासून दूर ठेवतो, पण कारण सांगत नाही, आणि शेवटी सगळ्यांना त्या ओसाड वाड्यात परत जावेच लागते. सामरी क्रूर होता यात शंका नाही. पण भिंतीत कोंडलेले काहीतरी आहे, ते वाडवडिलांनी कोंडले आहे आणि त्याची किंमत नातवंडे मोजत आहेत, ही गोष्ट आमच्या गावात सगळ्यांना पटत होती. पुढच्या रांगेतल्या माणसाला तर ती विशेष पटली असणार, कारण त्याच्या पूर्वजांनी वाड्याची बाहेरची बाजूच पाहिली होती आणि आत काय आहे ते पडद्यावर त्याला पहिल्यांदा दिसत होते.

सामरीचे काम करणारे अजय अग्रवाल मुळात शिकलेले इंजिनिअर. उंचीमुळे आणि चेहऱ्याच्या ठेवणीमुळे त्यांना ही भूमिका मिळाली. १९९० च्या 'बंद दरवाजा'मध्येही तेच आहेत, आणि तिथेही पुन्हा हवेली आणि ठाकूर आहेतच. मी हे चित्रपट दहा-दहा वेळा पाहिले आहेत आणि प्रत्येक वेळी मला आमच्या वाड्याचे कुलूप आठवते.

चित्रसंग्राहक

उमरेडकरांच्या लिखाणाला एक दुवा जोडतो. २०१८ चा 'तुंबाड' हाही ओसाड वाड्याचा, त्यात कोंडलेल्या भुकेचा आणि घराण्याच्या लोभाचा चित्रपट आहे. दिग्दर्शक राही अनिल बर्वे यांना नारायण धारप यांची गोष्ट पहिल्यांदा एका मित्राने ऐकवली ती १९९३ मध्ये नागझिऱ्याच्या जंगलात, म्हणजे इथून काही तासांच्या वाटेवर. बर्वे तेव्हा शाळकरी वयाचे होते. चित्रपट पूर्ण होण्यास पंचवीस वर्षे गेली, मधल्या काळात निर्माते बदलले आणि चित्रीकरणही पुन्हा करावे लागले. प्रदर्शित झाला तेव्हा तो मध्यमच चालला. पण लोकांनी त्याचे नाव एकमेकांना सांगणे सोडले नाही, आणि सप्टेंबर २०२४ मध्ये तो पुन्हा लागला तेव्हा त्याने पहिल्या खेपेच्या दुपटीहून अधिक पैसे कमावले. त्याची बारीक कारागिरी रामसेंच्या कामाशी जुळत नाही, हे मला मान्य आहे. तरी त्यालाही प्रेक्षकांनीच तारले.

मालेगावचे नाव इथे आलेच पाहिजे. यंत्रमागाच्या त्या गावात व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या नासिर शेख यांनी सुमारे ५० हजार रुपयांत 'मालेगाव के शोले' केला. क्रेनच्या जागी त्यांनी बैलगाडी वापरली. फैजा अहमद खान यांच्या 'सुपरमेन ऑफ मालेगाव' या माहितीपटात ही मंडळी काम करताना दिसतात. यंत्रमागावर कष्ट करणारा माणूस सुट्टीच्या दिवशी सुपरमॅनचा वेश चढवतो, तेव्हा आपण हसतो खरे, पण ते हसणे त्याच्या बाजूचे असते. धरमपेठींच्या प्रश्नाला मला तिथे उत्तर सापडते.

आता माझ्या मुख्य काळजीकडे येतो. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झाले. ते उभे करणाऱ्या पी. के. नायर यांचा आग्रह असे की चांगला-वाईट असा भेद न करता सर्व चित्रपट जपावेत, कारण पुढची पिढी कशात काय शोधील हे आज ठरवता येत नाही. छोट्या निर्मात्यांच्या चित्रपटांबाबत मात्र प्रिंट भंगारात गेली, कार्यालये बंद पडली आणि आज फक्त उजळ केलेल्या, तुटलेल्या व्हिडिओ प्रती उरल्या. केबिनवाले काकांनी वर सांगितलेली ३१ जोडांची गोष्ट कुठल्याही पुस्तकात छापलेली नाही. माझी काकांना विनंती आहे की त्यांनी आपल्या आठवणी आवाजात नोंदवू द्याव्यात. ध्वनिमुद्रणाचे साहित्य माझ्याकडे आहे आणि मी त्यांच्या सोयीने घरी येईन.

जुना इतवारीकर (धागाकर्ता)

मी एकच प्रश्न घेऊन आलो होतो आणि आपण सर्वांनी तो माझ्या हातून घेऊन पुष्कळ मोठा केला. लेक सावनेरची यांनी लिहिलेले मी दोनदा वाचले. १९८५ च्या त्या दुपारी टॉकीजमध्ये बायका नव्हत्या, हे मला आजवर आठवणीतसुद्धा जाणवले नव्हते.

काका, आपल्याला एक विचारायचे होते. आमच्या लहानपणी इतवारीत फिल्मचे तुटके तुकडे पाच-दहा पैशांना मिळत. आम्ही गेलेला बल्ब वरून फोडून, आतली तार काढून त्यात पाणी भरत असू, आणि आरशाने उन्हाचा झोत आणून, मध्ये फिल्म धरून, तो बल्ब भिंगासारखा वापरून गच्चीवरच्या खोलीत भिंतीवर चित्र पाडत असू. चित्र उलटे पडे म्हणून फिल्म उलटी धरायची. ते तुकडे केबिनमधूनच येत असत का?

केबिनवाले काका

हो, आमच्याकडूनच येत. जोड लावताना जे उरे ते झाडणारा पोरगा गोळा करून विकत असे आणि आम्ही त्याला अडवत नव्हतो. त्याच्या शाळेची वही-पाटी त्यातून होत असे.

माझ्याकडे एका बिस्किटाच्या डब्यात थोडे तुकडे अजून आहेत. त्या ३१ जोडांच्या रिळातलाही एक आहे, अकरा चौकटींचा. त्यात हवेलीचे दार आहे आणि दारातून आलेला हात आहे, अकराही चौकटींत हात थोडा थोडा पुढे येतो. परवा डबा उघडला तर आंबूस वास आला. ध्वनिमुद्रण करायचे असेल तर रविवारी सकाळी या, दुपारी ऊन सोसवत नाही.

चित्रसंग्राहक

काका, रविवारी सकाळी नऊला येतो. तो आंबूस वास व्हिनेगारचा आहे, फिल्मचा पाया सडू लागला की तो येतो आणि शेजारच्या तुकड्यांनाही लागण होते. कृपा करून आजच तो डबा उघडा ठेवा, स्वयंपाकघरापासून आणि कूलरच्या ओलीपासून दूर, आणि वास येणारे तुकडे वेगळे करून साध्या कागदाच्या पाकिटात घाला, प्लॅस्टिकच्या पिशवीत नको. कडेला धरा, मधल्या चित्राला बोट लावू नका. मी सुती हातमोजे, भिंग आणि चौकटी टिपण्यासाठी उजेडाची पाटी घेऊन येतो. इतवारीकरांनाही यायचे असेल तर त्यांना मी वाटेत घेईन.

जुना इतवारीकर (धागाकर्ता)

मी तयार राहतो. येताना एक गेलेला बल्ब आणि आरसा घेऊन येतो. अकरा चौकटींपैकी एखादी फार सडलेली आणि टाकून देण्याजोगी निघाली, तर काकांच्या भिंतीवर ती एकदा पाडून पाहू.